हात आपले, नागराज दिल्लीचा

इंदापूर तालुक्यातल्या एका सार्वजनिक वाचनालयात यंदाच्या पुस्तकखरेदीची यादी ठरत होती. यादीत कोणीतरी काही कॉमिक्स सुचवली होती. समितीतल्या एका ज्येष्ठ, निवृत्त मुख्याध्यापकांनी ती सगळी काढून टाकायला लावली आणि त्यामागची कारणं सांगणारं एक टिपण सदस्यांना वाटलं. ते माझ्याही वाचनात आलं. सुपरहिरो हे अमेरिकेचं कलम आहे, चित्रं बघणं म्हणजे वाचन नव्हे, या पुस्तकांतून पोरं हाणामारी उचलतात, आणि कोणीतरी आभाळातून येऊन आपलं भलं करील या आशेवर माणसं बसून राहतात, असं गुरुजींचं म्हणणं आहे. मुलांना नायक द्यायचा तर शिवाजी महाराज आहेत, मग हे उसने कशाला, असं त्यांनी शेवटी विचारलं आहे.

गुरुजींनी हयातभर या भागातली पोरं शिकवली. त्यांचा हेतू चांगला आहे याबद्दल मला शंका नाही. बारामती-इंदापूरकडच्या अनेक घरांत जे मोघम बोललं जातं ते त्यांनी नीट लिहून काढलं, हेही बरं झालं, कारण आता त्याला नीट उत्तर देता येतं. माझ्या मते त्यांचं टिपण बहुतेक ठिकाणी चुकलं आहे, आणि जिथे चुकलं आहे तिथे आपल्या भाषेचं नुकसान करणारं आहे.

आधी परकेपणाचा मुद्दा घेतो. याला आपल्याकडे एक सोपं उत्तर तयार असतं : आमचे देव हेच पहिले सुपरहिरो. मोरगावचा मयूरेश्वर बारामती तालुक्यातला. मोरावर बसून त्यानं सिंधू दैत्याला मारलं. नीरा आणि भीमा जिथे मिळतात ते नरसिंहपूर इंदापूर तालुक्यातलं. अर्धा माणूस, अर्धा सिंह आणखी कुठे शोधायचा? हे उत्तर ऐकायला गोड आहे, पण मला ते मान्य नाही. मोरगावला माणूस नवस बोलायला जातो. नरसिंह कितीतरी घरांचा कुलस्वामी आहे, त्याच्यापुढे पिढ्यानपिढ्या कुळधर्म चालतात. सुपरहिरोला कोणी नैवेद्य दाखवत नाही. तो दर महिन्याला नवा अंक काढून विकायचा धंदा आहे, शहरातल्या कारकुनांनी, छापखान्यातल्या कामगारांनी आणि पानामागे पैसे घेणाऱ्या चित्रकारांनी मिळून उभा केलेला. देवाला सुपरहिरो म्हटलं की देवाचाही मान राहत नाही आणि त्या चित्रकाराचे कष्टही झाकले जातात.

खरं नातं दुसरीकडे आहे, आणि ते नेमकं बारामतीत आहे. कऱ्हेकाठच्या या गावात बाबूजी नाईकांच्या आश्रयाला मोरोपंत राहिले. १७२९ ते १७९४ हा त्यांचा काळ. त्यांनी १०८ रामायणं रचली असं परंपरा मानते. एकच कथा पुन्हा पुन्हा, आणि दर वेळी स्वतःला नवी अट घालून. निरोष्ठ रामायणात ओठ मिटून उच्चारायचं एकही अक्षर येऊ द्यायचं नाही. मंत्ररामायणात रामनामाच्या मंत्राची अक्षरं ओवीत जायची. ऐकणाऱ्याला पुढे काय होणार ते पाठ असायचं. सीता पळवली जाणार, सेतू बांधला जाणार, रावण पडणार. तरी माणसं बसून ऐकायची, कारण या खेपेला पंत हे कसं साधतात ते बघायचं असायचं. सुपरहिरोचं कॉमिक वाचणारा पोरगा यापेक्षा वेगळं काय करतो? खलनायक हरणार हे त्याला पहिल्या पानावर ठाऊक असतं. सुपरमॅनच्या जन्माची कथा १९३८ पासून आजपर्यंत किती चित्रकारांनी नव्यानं सांगितली असेल! कथा तीच, सांगणं नवं, आणि वाचकाचं लक्ष सगळं सांगण्याकडे. ज्या गावानं मोरोपंतांना ठेवून घेतलं, त्या गावाच्या पंचक्रोशीत तरी या वाचनाला हलकं म्हणू नये.

आता ‘अमेरिकेचं कलम’. सुपरमॅन रचला जेरी सीगल आणि जो शूस्टर या क्लीव्हलँडच्या दोन तरुणांनी. दोघेही स्थलांतरित ज्यू कुटुंबांतले, खिशात पैसा नसलेले. सगळे हक्क त्यांनी १३० डॉलरला विकून टाकले. म्हणजे अमेरिकेतसुद्धा हे रोप श्रीमंताच्या बागेत उगवलेलं नाही. भारतात त्याचं जे झालं ते गुरुजींच्या टिपणात औषधालाही नाही, आणि माझी मुख्य तक्रार तीच आहे.

दिल्लीच्या राज कॉमिक्सनं १९८६ मध्ये नागराज आणला. हिरव्या, खवलेदार अंगाचा, मनगटातून साप सोडणारा. पुढची कितीतरी वर्षं उत्तर भारतातल्या गल्लीबोळांत, रेल्वे फलाटांवर, भाड्यानं पुस्तकं देणाऱ्या टपऱ्यांवर तो वाचला गेला. हा नागराज सुरुवातीच्या वर्षांत कोणी काढला? पुण्याच्या प्रताप मुळीकांनी. अमर चित्रकथेत त्यांनी आधी खूप काम केलं होतं, माणसाच्या शरीररचनेवर त्यांची विलक्षण पकड होती. नागराज उडी घेतो तेव्हा खांदा कुठे वळतो, भार कोणत्या पायावर येतो, हे त्यांच्या रेषेत दिसतं. संजय अष्टपुत्रे यांनी नागराज काढला. मिलिंद मिसाळ, विठ्ठल कांबळे यांचे हात त्याला लागले. दिलीप कदमांनी अमर चित्रकथेसाठी महाभारत रेखाटलं आणि राज कॉमिक्ससाठी भोकाल हा नायक. अमर चित्रकथेचा ‘कृष्ण’ रंगवणारे आणि पुढे सुप्पांडी घरोघरी नेणारे राम वाईरकर हेही मराठी चित्रकारांच्या याच रांगेतलं नाव. म्हणजे भारताचा सगळ्यात गाजलेला सुपरहिरो ज्या हातांतून उतरला ते हात मराठी होते, आणि त्यांतले प्रमुख आपल्या जिल्ह्यातले. नायक मात्र हिंदीत बोलला. मराठी पोरानं तो वाचला तो हिंदीतून.

हे असंच का झालं? दिल्लीला बाजार मोठा, भांडवल मोठं, हे एक कारण आहेच. पण माझ्या मते तेवढ्यानं भागत नाही. चित्रकथा ही पोरकट गोष्ट, तिच्यात भाषेचं काही नाही, शिकलेल्या घरात ती लपवून वाचायची, असा जो शिष्टपणा आपण जोपासला त्याचं हे फळ आहे. मराठी मुलाच्या हाती चित्रं कुठून आली ते बघा. चांदोबाची मराठी आवृत्ती १९५२ मध्ये सुरू झाली, ती मद्रासहून. इंद्रजाल कॉमिक्सचा वेताळ १९६४ पासून मुंबईच्या इंग्रजी वृत्तपत्रसमूहाकडून. नागराज दिल्लीहून. बालभारतीचं ‘किशोर’ १९७१ पासून निघतं, त्याचं ऋण मोठं आहे, पण ते मासिक आहे, एका नायकाची वर्षानुवर्षं चालणारी मालिका नव्हे. नागराजच्या तोडीची मालिका मराठीत उभी राहिली नाही. चित्रकार होते, लेखक होते, वाचणारी पोरं तर होतीच. नव्हता तो कामाला मान. गुरुजी आज वाचनालयाच्या यादीतून कॉमिक्स काढतात तेव्हा ते एखादी नवी लाट थोपवत नाहीत. ज्या वृत्तीमुळे पुण्यातल्या रेषेला दिल्लीत भाषा शोधावी लागली, तीच वृत्ती ते पुढे चालवतात.

एक गोष्ट मला खटकत राहिली आहे. २००४ मध्ये स्पायडरमॅनची एक भारतीय आवृत्ती निघाली. तिचा नायक पवित्र प्रभाकर. खेड्यातला गरीब मुलगा, शिष्यवृत्ती मिळवून मुंबईच्या शाळेत येतो, कपड्यांवरून त्याची टिंगल होते, आणि जाळी सोडत इमारतींवरून झेपावतो तो धोतर नेसून. भिगवण किंवा निमगाव केतकीहून पुण्याला शिकायला गेलेल्या कोणाही मुलाला हा पोरगा ओळखीचा वाटेल. खेड्यातून आलेलं पोर सुपरहिरो होऊ शकतं, हे अमेरिकन नायकाचा परवाना घेऊन काम करणाऱ्यांना सुचलं. मराठी प्रकाशनाला ते सुचायला हवं होतं.

‘हे वाचन नव्हे’ हा गुरुजींचा दुसरा मुद्दा. कॉमिकच्या एका पानाशी जरा थांबून बघू. समजा, पहिल्या चौकटीत नागराजचं मनगट आहे, मूठ वळलेली. दुसऱ्या चौकटीत माणूस नाहीच, भिंतीवर नुसती सावली आणि फणा. तिसऱ्या चौकटीत जमिनीवर पडलेलं पिस्तूल, आणि फुग्यात घाबरलेल्या माणसाचे दोन शब्द. साप सुटला, अंगावर गेला, हात सैल झाला, यातलं काहीही पानावर काढलेलं नाही. ते दोन चौकटींमधल्या पांढऱ्या पट्टीत घडतं आणि ते घडवतो वाचणारा. फुगे कोणत्या क्रमानं वाचायचे, टोकदार फुगा म्हणजे ओरडणं आणि ढगासारखा म्हणजे मनातलं बोलणं, चौकटीच्या कडेला आलेला मजकूर निवेदकाचा, हे सगळं त्याला जुळवावं लागतं. ज्या घरात छापील कागद म्हणजे रेशनकार्ड आणि सोसायटीचं पासबुक, तिथल्या पोराला चारशे पानी कादंबरी उघडून बसायला सांगणं सोपं आहे. कॉमिकमध्ये मात्र अडलेला शब्द चित्राच्या आधारानं ओलांडून तो पुढे जातो, पुस्तक संपवतो, आणि पुस्तक संपवल्याचा आनंद त्याला पहिल्यांदा मिळतो. हा आनंद कोणत्याही सक्तीच्या वाचनानं मिळत नाही, हे शिक्षकानं तरी मान्य करावं.

शिवाय काळ बघा. १९८८ मध्ये कॉमिक विरुद्ध कादंबरी हा वाद घालता आला असता. आज आमच्या भागातल्या पोराच्या हातात कॉमिकही नाही, मोबाइल आहे. अमेरिकन सुपरहिरो त्याला सिनेमाच्या तुकड्यांतून माहीत आहेत. कॉमिक हा त्या ओळखीच्या चेहऱ्याला धरून त्याला कागदाकडे आणायचा रस्ता आहे, आणि आपण तोच बंद करायला निघालो आहोत.

हाणामारीचा मुद्दा फार जुना आहे, त्याचा इतिहास गुरुजींनी पाहायला हवा होता. फ्रेडरिक वर्थम नावाच्या अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञानं १९५४ मध्ये ‘सिडक्शन ऑफ द इनोसन्ट’ हे पुस्तक लिहून कॉमिक्समुळे मुलं गुन्हेगार होतात असं ठोकून दिलं. त्याच वर्षी तिथल्या सिनेटच्या उपसमितीपुढे सुनावणी झाली, प्रकाशक हादरले आणि त्यांनी स्वतःवरच कॉमिक्स कोड लादून घेतला. कितीतरी मालिका बंद पडल्या, चित्रकार देशोधडीला लागले. वर्थम यांची कागदपत्रं २०१० मध्ये अभ्यासकांना खुली झाली. इलिनॉय विद्यापीठात ग्रंथालयशास्त्र शिकवणाऱ्या कॅरल टिली यांनी ती तपासून २०१२ मध्ये दाखवून दिलं की वर्थम यांनी पुराव्यांत ढवळाढवळ केली होती. मुलांची वयं बदलली होती, दोघांचं बोलणं एकाच्या नावावर घातलं होतं, अडचणीचा भाग गाळला होता. त्या पुस्तकावर पिढ्यानपिढ्यांचं मत बनलं, आणि ते मत फिरत फिरत आपल्या पालकसभांपर्यंत आलं.

आपल्याकडे ‘शक्तिमान’ मालिका १९९७ पासून दूरदर्शनवर लागायची तेव्हा मुलांनी त्याची नक्कल करून जिवाशी खेळ केल्याच्या बातम्या येत. ती चिंता खोटी नव्हती, आणि मालिकेच्या शेवटी मुलांना चार गोष्टी समजावून सांगितल्या जात हेही खरं. पण पडद्यावर उडणाऱ्या माणसाचा दोष कागदावरच्या चित्राला लावता येणार नाही. नागराजची मूळ कथा तर गुरुजींनी वाचलेलीच नाही, असं मला टिपणावरून वाटतं. प्राध्यापक नागमणी त्याला घडवतो ते दहशतवाद्यांना भाड्यानं देण्यासाठी, चालतंबोलतं हत्यार म्हणून. पहिल्याच कामगिरीवर त्याला बाबा गोरखनाथ भेटतात, त्याच्या डोक्यातला ताबा काढून टाकतात, आणि हत्यार म्हणून वापरलं जायला तो नकार देतो. तिथून त्याची गोष्ट सुरू होते. ज्या घरांत नवनाथांचं पारायण होतं तिथल्या पोराला गोरखनाथ कोण हे सांगावं लागत नाही. हिंसा शिकवणारी गोष्ट ती ही?

सगळ्यात गंभीर आक्षेप तारणहाराचा आहे. सहकाराच्या पट्ट्यात तो जास्त बोचतो. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगरचा छत्रपती, हे कारखाने कोणी उडत येऊन बांधले नाहीत, सभासदांच्या भागभांडवलावर उभे राहिले. अशा ठिकाणी एकट्या बलदंड नायकाची भक्ती कशाला, हा प्रश्न मी हसण्यावारी नेणार नाही. वेताळाबद्दल तर मी गुरुजींच्या बाजूचा आहे. ली फॉकनं १९३६ मध्ये रचलेला हा गोरा माणूस कवटीच्या गुहेत सिंहासन मांडून बसतो, पिढ्यानपिढ्या जंगलातल्या काळ्या माणसांना शिस्त लावतो आणि ती त्याला अमर समजून मान तुकवतात. साम्राज्याच्या काळाचं हे स्वप्न आहे. मुलाच्या हाती ते द्यायचं तर मोठ्या माणसानं शेजारी बसून चार गोष्टी सांगायला हव्यात.

पण सगळे सुपरहिरो वेताळाच्या गादीचे वारस नाहीत. सुपरमॅन सुरुवातीच्या अंकांत कोणाशी लढत होता? बायकोला मारणाऱ्या नवऱ्याशी, पैसे खाणाऱ्या राजकारण्याशी. १९३८ मधल्याच एका गोष्टीत तो खाणीच्या मालकाला धडा देतो. मालक पार्टीच्या पाहुण्यांना घेऊन मजेनं खाणीत उतरतो. सुपरमॅन खाणकामगाराच्या वेशात हजर असतो आणि मुद्दाम वाट ढासळवतो. अडकल्यावर मालकाला कळतं की धोक्याची सूचना देणारी यंत्रणा गंजलेली आहे, सुटकेची सोय नाही. ज्या धोक्यात तो रोज माणसं उतरवत होता त्यात तो स्वतः उभा असतो. बाहेर आल्यावर खाण सुरक्षित करण्याचं तो कबूल करतो. हंगामात बीडकडून आलेल्या ऊसतोड मजुराचं पोर कोपीपुढे बसून ही गोष्ट वाचत असेल, तर त्याला कोणाच्या तरी आशेवर बसायची सवय लागेल की आपल्या बापाच्या कामाबद्दल प्रश्न पडतील?

आणि भारतीय उदाहरण हवंच तर आबिद सुरतींचा बहादूर आहे. १९७६ मध्ये इंद्रजालमध्येच आला, वेताळाच्याच घरात. दरोडेखोराचा मुलगा, भगवा कुर्ता आणि जीन्स घालणारा, अंगात कसलीही दैवी शक्ती नसलेला. बापाला गोळी घालणाऱ्या पोलीस अधिकाऱ्यानंच त्याला वाढवलं. मोठा झाल्यावर तो काय करतो? नागरिक सुरक्षा दल बांधतो. गावातली माणसं संघटित करून डाकूंशी लढतो. सहकाराची भाषा बोलणाऱ्या भागाला याहून जवळचा नायक कुठला मिळेल? तो मराठीतही वाचला गेला, आणि तरी गुरुजींच्या टिपणात त्याचं नाव नाही.

आता महाराज. इंदापूरला मालोजीराजांची गढी आहे. शिवचरित्र इथल्या मुलांना कोणी वेगळं द्यावं लागत नाही, आणि अनंत पै यांनी १९६७ मध्ये सुरू केलेल्या अमर चित्रकथेनं ते चित्रांतूनही दिलं. ते सगळं वाचनालयात असलंच पाहिजे. पण मुलाच्या कल्पनेला आणखी एका नायकाची गरज असते, ज्याला ते हवं तसं वळवू शकेल. महाराजांच्या तोंडी मनचं वाक्य घालता येत नाही, आणि घालूही नये. त्यांना चुकवता येत नाही, त्यांची खोटी मोहीम रचता येत नाही, पुढच्या अंकात काय होईल हे ठरवता येत नाही. इतिहासापुढे मुलानं आदरानं उभं राहायचं असतं. खेळायला रचलेला नायक लागतो. भा. रा. भागवतांना हे कळलं होतं. म्हणून त्यांनी फुरसुंगीचा एक किडकिडीत पोरगा रचला, सायकलवर बसवला, ‘ट्टॉक’ करायला शिकवला आणि त्याच्या मागे चोर-दरोडेखोर लावले. फास्टर फेणेमुळे कोणा मुलाचं शिवप्रेम कमी झाल्याचं मी ऐकलं नाही. फेणेला चित्रांची नियमित मालिका मिळाली असती, मुळीकांच्या रेषेत तो महिन्यामहिन्याला आला असता, तर आज आपण कोणता वाद घालत असतो?

मुलींचा उल्लेख टिपणात कुठेच नाही, म्हणून जाता जाता सांगतो : वंडर वुमन १९४१ मध्ये आली, आणि तिचा कर्ता मार्स्टन हा मानसशास्त्रज्ञ होता. मुलींना सबळ नायिका हवी म्हणून त्यानं ती रचली.

समितीपुढे माझं मागणं फार नाही. शासनमान्य वाचनालयाला १९६७ च्या कायद्यानुसार अनुदान मिळतं, ते गावाच्या वाचनासाठी, आणि पोरं गावातलीच आहेत. वगळलेली कॉमिक्स परत यादीत घ्यावीत, बहादूर आणि अमर चित्रकथा त्यात घालाव्यात, नागराज हिंदीतला असला तरी घ्यावा. वेताळ घेतला तर बालविभागात एखाद्या रविवारी गुरुजींनी स्वतः त्यावर मुलांशी बोलावं, त्यांच्याइतकं चांगलं ते कोणी करणार नाही. देवघेव वहीत कोणतं पुस्तक किती वेळा गेलं ते वर्षभर नोंदवावं आणि पुढची खरेदी त्यावरून ठरवावी. दाखल नोंदवहीत लेखकाचा रकाना असतो, चित्रकाराचा नसतो. तो वाढवावा, आणि पहिल्या नोंदीत मुळीकांचं नाव लिहावं.